धारानगरीचा बांधकाम जाणणारा राजा

म्हणीतला भोजराजा आपल्या घराघरांत आहे. धार-देवासच्या पवार राजघराण्यांनीही आपले मूळ त्याच्याच परमार कुळाशी जोडले. पण उपयंत्री म्हणून सरकारी नोकरी करताना मला त्याची वेगळी ओळख झाली.

भोज हा सिंधुराजाचा मुलगा, वाक्पती मुंजाचा पुतण्या. सुमारे १०१० मध्ये तो गादीवर आला. धार ही त्याची राजधानी. आयुष्यभर लढाया चालू होत्या, तरी विद्येत खंड पडला नाही. ‘समरांगण सूत्रधार’ हा ८३ अध्यायांचा वास्तुग्रंथ त्याच्या नावावर आहे. नगररचना, घरे, देवळे, यंत्रे, सारे त्यात येते. आधी जमीन पारखावी, हा आपल्या जुन्या वास्तुशास्त्राचा पहिला धडा. खड्डा खणून तीच माती परत भरायची. उरली तर जमीन घट्ट, कमी पडली तर पोकळ. आज आम्ही उपकरणांनी हेच तपासतो.

भोजपूरच्या शिवमंदिरात सुमारे ४० फूट उंचीचे चार खांब छताचा भार थेट जोत्यावर उतरवतात. देऊळ अपुरे राहिले, म्हणूनच कारागिरांनी खडकावर कोरलेले नकाशे आणि दगड वर चढवण्याचा मातीचा उतार आजही दिसतो.

जवळच त्याच्या तलावाचे बांध होते. मधे माती, दोन्ही अंगांना चुन्याशिवाय रचलेले प्रचंड दगड. त्यातला एक ४४ फूट उंच, तर तळाशी ३०० फूट रुंद. पाण्याचा दाब खोलीबरोबर वाढतो, म्हणून ही रुंदी. मातीच्या बांधावरून पाणी वाहिले की बांध गेलाच. म्हणून जादा पाण्याची वाट दूर, पक्क्या खडकातून काढली होती.

सुमारे १०५५ मध्ये गुजरातचा भीम आणि कलचुरी कर्ण एकत्र चालून आले, त्याच धामधुमीत भोज गेला. बांध मात्र पुढे सुमारे चारशे वर्षे टिकला. पंधराव्या शतकात मांडूच्या होशंगशाहाने तो फोडला. तो पाण्याने नव्हे, माणसाने पाडला.

आपल्यापैकी अनेकांचे वाडे जुने झाले आहेत. त्यांवर नवा मजला चढवण्याआधी पाया आणि भिंती जाणकाराकडून तपासून घ्या. आणि सुट्टीत मुलांना भोजपूर जरूर दाखवा.

गणपती बाप्पा मोरया!