पियानोचा गुरु कार्ल चेर्नी

पियानो शिकूं लागलेल्या मुलामुलींस चेर्नी हें नांव लवकरच परिचयाचें होतें; पण तें त्यांस फारसें आवडतें असें नाहीं. ह्या नांवाबरोबर अभ्यासाचें एक जाड पुस्तक डोळ्यांपुढें उभें राहतें, आणि त्यांत तेच ते स्वर, चढत जाणारे व उतरत येणारे, कधीं उजव्या हातासाठीं तर कधीं डाव्या हातासाठीं, पानेंच्या पानें भरून राहिलेले दिसतात. हें पुस्तक लिहिणारा मनुष्य कोण व कसा होता, हें विचारण्याची इच्छा त्या वेळीं कोणास होणार? परंतु त्या कंटाळवाण्या दिसणाऱ्या पानांमागें एका थोर शिक्षकाचें सबंध आयुष्य उभें आहे. बेथोव्हेनचा शिष्य आणि लिस्टचा गुरु असें दुहेरी भाग्य ज्यास लाभलें, आणि स्वतः सभा गाजविण्याची योग्यता असूनहि ज्यानें दुसऱ्यांचीं बोटें घडविण्यांत आपले दिवस वेंचले, त्या कार्ल चेर्नीचें चरित्र आम्ही आमच्या विद्यार्थ्यांस व त्यांच्या पालकांस सादर करीत आहों.

चरित्राकडे वळण्यापूर्वीं ह्या वाद्याविषयीं दोन शब्द सांगणें अवश्य आहे. आपल्याकडे पेटी सर्वांच्या ओळखीची आहे. पेटीची पट्टी हळू दाबली काय किंवा जोरानें दाबली काय, सुराचा लहानमोठेपणा भात्याच्या हवेवर अवलंबून असतो. पियानोची गोष्ट निराळी. त्याची पट्टी दाबतांच आंतील एक लहानशी हातोडी उसळून ताणलेल्या तारांवर आघात करते. बोट जसें पडेल तसा सूर उमटतो. हळुवार पडलें तर कुजबुजल्यासारखा, जोरानें पडलें तर गर्जल्यासारखा. हें वाद्य इटलींतील फ्लॉरेन्स शहरीं बार्तोलोमेओ क्रिस्तोफोरी नांवाच्या कारागिरानें इ. स. १७०० च्या सुमारास प्रथम तयार केलें. आतां मनुष्याच्या बोटांत सारखें बळ देवानें ठेवलेलें नाहीं. आंगठा जड, अनामिका परावलंबी, करंगळी दुबळी. ह्या असमान बोटांकडून समान काम करून घेणें हेंच पियानोच्या शिक्षणाचें पहिलें कठीण कार्य होय, आणि चेर्नीनें आपलें आयुष्य मुख्यतः ह्याच कार्यास वाहिलें.

कार्लचा जन्म व्हिएन्ना शहरीं ता. २१ फेब्रुवारी १७९१ रोजीं झाला. हें कुटुंब मूळचें बोहेमियांतील. घरांतील भाषा चेक. वडील वेंझेल चेर्नी हे संगीत शिकवून व पियानो दुरुस्त करून संसार चालवीत. कार्ल अगदीं तान्हा असतांच वडिलांस पोलंडमधील एका जमीनदाराच्या घरीं शिक्षकाची नोकरी मिळाली व हें कुटुंब तिकडे गेलें. परंतु १७९५ सालीं शेजारच्या तीन राज्यांनीं पोलंडची अखेरची वांटणी करून तो देश नकाशावरून पुसून टाकला, आणि त्याच वर्षीं हें कुटुंब व्हिएन्नास परत आलें. कार्ल हा आईबापांचा एकुलता एक मुलगा. तिसऱ्या वर्षीं तो पियानोवर बोटें फिरवूं लागला, आणि सातव्या वर्षीं स्वतःच्या लहान लहान रचना लिहूं लागला. वडिलांनीं त्यास बाख, हायडन, मोझार्ट ह्यांच्या कृति शिकविल्या. १८०० सालीं, नऊ वर्षांचा असतांना, मोझार्टची एक मोठी रचना त्यानें जाहीर सभेंत वाजवून दाखविली.

पुढील वर्षीं त्याच्या आयुष्यास खरें वळण लागलें. क्रुम्फोल्झ नांवाचे एक व्हायोलिन वाजविणारे गृहस्थ चेर्नींच्या घरीं येत असत. ते बेथोव्हेनचे मोठे भक्त होते. त्यांनीं दहा वर्षांच्या कार्लला व त्याच्या वडिलांस बेथोव्हेनच्या बिऱ्हाडीं नेलें. पुष्कळ जिने चढून गेल्यावर त्यांस एक अस्ताव्यस्त खोली दिसली. चहूंकडे कागद व कपडे पसरलेले, भिंती जवळजवळ उघड्या. स्वतः बेथोव्हेन दाट केसाळ कापडाचा काळपट अंगरखा घालून बसला होता, व त्याचे केस विस्कटलेले होते. मुलास तर गोष्टींतील रॉबिन्सन क्रूसोच समोर बसल्यासारखा वाटला. बेथोव्हेनच्या कानांत औषधांत बुडविलेला कापूस होता, हेंहि मुलाच्या नजरेंतून सुटलें नाहीं. पुढें ज्या बहिरेपणानें ह्या महान संगीतकारास ग्रासलें, त्याचें तें चिन्ह होतें. कार्लनें प्रथम मोझार्टची व मग खुद्द बेथोव्हेनची एक रचना वाजविली. तें ऐकून बेथोव्हेननें त्यास शिष्य म्हणून पत्करलें.

आतां कोणास वाटेल कीं, एवढ्या थोर गुरूनें पहिल्याच दिवशीं कांहीं गूढ विद्या सांगितली असेल. तसें कांहीं झालें नाहीं. बेथोव्हेननें आरंभीं केवळ सर्व पट्ट्यांतील स्वरसप्तकें घोटून घेतलीं. हात कसा धरावा, बोटें कशीं वळवावीं, आणि विशेषतः आंगठा इतर बोटांखालून कसा न्यावा, हें त्यानें दाखविलें. त्या काळीं आंगठ्याचा योग्य उपयोग पुष्कळ वाजविणाऱ्यांस ठाऊकहि नव्हता. पुढें एक सूर दुसऱ्यांत अखंड मिसळेल अशा रीतीनें वाजविण्यावर त्यानें भर दिला. ज्या मुलानें भर सभेंत मोझार्ट वाजविला होता, त्यास पुन्हां पहिल्या पायरीवर उभें राहावें लागलें; पण त्यानें तें निमूटपणें केलें.

ह्या शिक्षणाच्या मागें वडिलांचा जो त्याग होता, तो आमच्या पालकवर्गानें अवश्य ध्यानांत घ्यावा. मुलगा लहान म्हणून वडील प्रत्येक वेळीं त्यास स्वतः घेऊन जात, आणि तितका वेळ त्यांची स्वतःची शिकवणी बुडे. शिकवणी बुडाली कीं मिळकत बुडाली. हें फार दिवस झेपणें शक्य नव्हतें. इकडे बेथोव्हेनहि आपल्या रचनांत गढून जाऊन पाठ चुकवूं लागला. ह्या कारणांनीं कांहीं वर्षांनीं नियमित शिक्षण थांबलें. तरी गुरुशिष्यांचें नातें तुटलें नाहीं. १८०५ सालीं बेथोव्हेननें त्यास उत्तम प्रशस्तिपत्र लिहून दिलें, आणि गुरूच्या बहुतेक सर्व पियानो-रचना कार्लला तोंडपाठ होत्या.

अशा मुलानें गांवोगांव सभा करून कीर्ति व पैसा मिळवावा, हाच त्या काळचा रिवाज होता. कार्लसाठींहि असा प्रवास ठरला होता. पण युरोपांतील युद्धांच्या गडबडीमुळें तो राहून गेला. तथापि केवळ युद्धच कारण होतें असें नाहीं. लोकांचे डोळे दिपविण्यासाठीं जो दिखाऊपणा लागतो तो आपल्या अंगीं नाहीं, हें त्यानें स्वतःच ओळखलें होतें. वयाच्या सुमारें पंधराव्या वर्षीं तो शिक्षक झाला. मधूनमधून तो सभेंतहि वाजवी. १८१२ सालच्या फेब्रुवारींत बेथोव्हेनचा पांचवा पियानो-कॉन्चेर्टो व्हिएन्नांत प्रथम वाजला, तो चेर्नीच्याच हातून. परंतु त्याचें खरें क्षेत्र शिकवणीची खोली हेंच होतें. १८१० सालीं प्रसिद्ध शिक्षक क्लेमेंटी व्हिएन्नास आला, तेव्हां त्याचे पाठ चालू असतां चेर्नी जवळ बसून त्याची पद्धति शिकला. शिकविणाऱ्यानें शिकणें थांबवूं नये, हें तो जाणून होता. सकाळीं आठपासून रात्रीं आठपर्यंत दिवसाकांठीं बारा बारा पाठ तो देई, आणि हा क्रम पुष्कळ वर्षें चालला.

१८१६ सालीं घडलेला एक प्रसंग सांगण्यासारखा आहे. बेथोव्हेनची एक रचना सभेंत वाजवितांना चेर्नीनें तारुण्याच्या भरांत आपल्या पदरचे कांहीं अलंकार तींत घातले. बेथोव्हेन तेथें होता. त्यानें सर्वांच्या देखत त्यास कठोर शब्दांनीं फटकारलें. दुसऱ्याच दिवशीं त्यानें पत्र पाठवून आपल्या रागाबद्दल क्षमा मागितली, पण लिहिलें आहे तसेंच वाजवावें हा आग्रह मात्र सोडला नाहीं. चेर्नीनें ही शिकवण जन्मभर पाळली. गुरूचा विश्वासहि ढळला नाहीं. बेथोव्हेननें आपला पुतण्या कार्ल यास पियानो शिकविण्याचें काम त्याच्याकडेच सोंपविलें. त्या वेळीं त्यानें चेर्नीस एक मार्मिक सूचना केली. मुलाचीं बोटें व ताल ठीक बसले म्हणजे बारीकसारीक चुकांसाठीं त्यास मध्येंच थांबवूं नये; रचना शेवटपर्यंत वाजवूं द्यावी व मग चुका दाखवाव्या. पियानोच्या खोलीबाहेरहि ही सूचना शिक्षकांस व आईबापांस उपयोगी पडेल असें आम्हांस वाटतें.

१८१९ सालीं ॲडॅम लिस्ट नांवाचे एक हंगेरियन गृहस्थ आपल्या लहान मुलास घेऊन चेर्नीच्या दारीं आले. मुलगा फिकट व अशक्त दिसत होता. वाजवितांना तो आसनावर असा डोलत होता कीं, आतां पडतो कीं काय अशी भीति वाटावी. कोणतें बोट कोणत्या पट्टीवर ठेवावें ह्याचा त्यास गंधहि नव्हता. पण देवानें ह्यास जन्मतःच पियानो वाजविणारा केलें आहे, हें चेर्नीनें तत्काळ ओळखलें. १८२२ सालीं हें कुटुंब व्हिएन्नास राहावयास आलें व फ्रान्झचें शिक्षण सुरू झालें. चेर्नीचा दिवस शिष्यांनीं भरलेला. म्हणून तो ह्या मुलास संध्याकाळीं शिकवी. ज्या पायरीवर बेथोव्हेननें त्यास उभें केलें होतें, त्याच पायरीवर त्यानें लिस्टला उभें केलें. सप्तकें, ताल, बोटांची शिस्त! भरधांव सुटलेल्या त्या बुद्धिवान मुलास हें प्रथम मुळींच रुचलें नाहीं; पण गुरु बधला नाहीं. फी देण्याची वेळ आली तेव्हां मात्र चेर्नीनें ती घेण्याचें साफ नाकारलें. त्याच्या वृद्ध आईबापांनींहि त्या मुलास घरचेंच लेंकरूं मानलें.

हें शिक्षण दीड वर्षापेक्षां अधिक टिकलें नाहीं. मुलाच्या सभांना गर्दी होते व पैसा मिळतो असें पाहून १८२३ सालीं वडील त्यास घेऊन परदेशीं निघाले. शिक्षण अर्धवट राहिलें ह्याचें चेर्नीस वाईट वाटलें, आणि तें त्यानें आपल्या आठवणींत नमूद करून ठेविलें आहे. कच्चें फळ बाजारांत नेण्याची घाई किती वडिलांना होत असते! तरी शिष्य कृतघ्न निघाला नाहीं. युरोपभर कीर्ति गाजल्यावर लिस्टनें १८५२ सालीं आपल्या अत्यंत अवघड अशा बारा अभ्यास-रचनांचा संग्रह चेर्नीस अर्पण केला. शिवाय उतारवयांत वायमार शहरीं देशोदेशींचे तरुण लिस्टकडे शिकावयास येत, त्यांच्याकडून तो फी घेत नसे. गुरूनें विनामूल्य दिलेलें धन शिष्यानें विनामूल्यच वांटलें.

लिस्टसारखे शिष्य शतकांतून एखादेच. चेर्नीनें आपलीं पुस्तकें लिहिलीं तीं साधारण मुलांसाठीं. त्याच्या प्रकाशित कृतींची संख्या आठशेंच्या वर जाते. नवशिक्यांसाठीं शंभर लहान पाठांचें एक पुस्तक, हाताला वेग यावा म्हणून चाळीस पाठांचें दुसरें, बोटांत चापल्य यावें म्हणून पन्नास पाठांचें तिसरें, अशी त्यानें जणूं शिडीच बांधून ठेविली. प्रत्येक पाठांत एकच अडचण असते, आणि ती पुरी जिंकल्याशिवाय पुढची समोर येत नाहीं. त्याच्या हयातींतच कांहीं टीकाकारांनीं त्याच्या रचना कोरड्या ठरविल्या. आणि इतक्या झपाट्यानें लिहिणाऱ्याची प्रत्येक कृति रसाळ कशी असावी? पण विहिरीचा रहाट सुंदर नाहीं म्हणून कोणी पाणी काढावयाचें थांबत नाहीं.

१८२७ सालीं त्याची आई व १८३२ सालीं वडील वारले. चेर्नीनें लग्न केलें नाहीं. आईबापांस त्यानें अखेरपर्यंत आपल्याजवळ सांभाळलें. १८३६ सालीं त्यानें नियमित शिकविणें बंद केलें, तरी लेखन अखंड चालू ठेविलें. ता. १५ जुलै १८५७ रोजीं व्हिएन्नांतच त्याचें देहावसान झालें. दिवसाला बारा पाठ देऊन व रात्रीं लेखणी झिजवून जमविलेली पुंजी त्यानें मृत्युपत्रानें मुख्यतः परोपकारास दिली. तींत व्हिएन्नाच्या संगीतसंस्थेस भाग होता, आपल्या गृहव्यवस्थापिकेस होता, आणि बहिऱ्यांच्या एका संस्थेसहि होता. ज्याच्या गुरूचे कान देवाघरच्या कोड्याप्रमाणें मिटत गेले, त्या शिष्याच्या हातून हें दान व्हावें, हें वाचतांना आमचें मन भरून आलें.

त्याच्या शिष्यांपैकीं थिओडोर लेशेटिट्स्की हाहि पुढें विख्यात शिक्षक झाला. लेशेटिट्स्कीचा शिष्य पोलंडचा पाडेरेव्हस्की. चेर्नी चार वर्षांचा असतांना जो देश नकाशावरून नाहींसा झाला होता, तो पहिल्या महायुद्धानंतर पुन्हां उभा राहिला, तेव्हां १९१९ सालीं त्याचा पंतप्रधान हाच पियानो वाजविणारा झाला. एका गुरूचा हात किती दूरवर पोंहोंचतो पाहा!

चेर्नीनें सभागृह सोडून शिकवणीची खोली पत्करली, ह्यांत त्यानें गमाविलें कीं कमाविलें? टाळ्यांचा आवाज सभेबरोबर विरून जातो. पण धन्यानें दिलेलें द्रव्य ज्या चाकरानें जमिनींत पुरून न ठेवतां व्यापारांत घातलें, त्याचा हिशेब त्याच्या एकट्याच्या आयुष्यांत संपत नाहीं. बेथोव्हेनकडून मिळालेली ठेव चेर्नीनें स्वतःजवळ ठेविली नाहीं. ती लिस्टला दिली, लेशेटिट्स्कीला दिली, आणि ज्यांचीं नांवें कोणासहि ठाऊक नाहींत अशा असंख्य मुलांसाठीं छापून ठेविली. तेव्हां मुलांनो, पियानो असो, गणित असो किंवा व्याकरण असो, तोच तो धडा दहाव्यांदा गिरवितांना कंटाळा आला, तर इतकें आठवा कीं, त्याच पायरीवर कधीं काळीं लिस्ट उभा होता, त्याच्या आधीं चेर्नी उभा होता, आणि ती पायरी चुकवून वर जाण्याची वाट त्या दोघांसहि सांपडली नाहीं.