तारामती, सीता आणि कॅमेरा

गॅदरिंगला मला मिशा चिकटवून राजा केलं होतं, आठवतंय? अण्णा साळुंके तेव्हा माहीत नव्हते. मुंबईत ग्रँट रोडच्या खानावळीत ते स्वयंपाकी होते. सिनेमात काम करायला बाई मिळेना, तेव्हा दादासाहेब फाळक्यांनी त्यांचे नाजूक हात हेरले आणि १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये त्यांना तारामती केलं. १९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये तर राम तेच, सीताही तेच! पुढे बायका पडद्यावर रुळल्या. अण्णा कॅमेऱ्यामागे जाऊन छायाचित्रकार झाले. आमच्या सॉफ्टवेअरमध्येही शिकलेलं चार वर्षांत जुनं होतं. नोकरी गेली त्या वर्षी, पंचेचाळिशीत पुन्हा पहिलीपासून शिकायला बसले, तेव्हा मला अण्णांचाच आधार वाटला.