न्यायमूर्ती जे. वेटीज वेअरिंग

अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांत प्रत्येक राज्याची स्वतःची न्यायालये असतात आणि त्यांहून निराळी अशी संघराज्याची न्यायालयेही असतात. संघराज्याच्या न्यायव्यवस्थेची पहिली पायरी म्हणजे जिल्हा न्यायालय. साक्षीपुरावा तेथेच होतो, ज्यूरीही तेथेच बसते. तेथील न्यायाधीशाची नेमणूक राष्ट्राध्यक्ष करतात, सेनेट तिला संमती देते, आणि वर्तन शुद्ध आहे तोवर त्या न्यायाधीशास आमरण आपल्या आसनावर राहता येते. लोकमताच्या भीतीपासून त्याला मुक्त ठेवावे, हा या योजनेमागील हेतू. परंतु अशी मुक्तता कायद्याने देता येत असली, तरी ती अंगी बाणवावी लागते. चार्ल्स्टन शहरी १९४२ पासून १९५२ पर्यंत न्यायदान करणारे जूलियस वेटीज वेअरिंग यांनी ती कशी बाणवली आणि त्यासाठी काय मोजले, याची ही हकीकत आहे.

दक्षिण कॅरोलायना राज्यातील या जुन्या बंदराच्या शहरी २७ जुलै १८८० रोजी त्यांचा जन्म झाला. घराणे तेथे आठ पिढ्या नांदत आलेले. पूर्वज गुलाम बाळगणारे. वडील यादवी युद्धात दक्षिणेच्या सैन्यातून लढलेले. १९०० मध्ये चार्ल्स्टन कॉलेजची पदवी घेऊन, वकिलाच्या कचेरीत कायद्याचा अभ्यास करून ते दोन वर्षांनी वकील झाले. पुढे काही वर्षे सरकारी वकिली, मग खासगी व्यवसाय आणि १९३३ पासून शहराच्या नगरपालिकेचे कायदेशीर सल्लागारपद, असा त्यांचा क्रम सरळ चालला होता. कृष्णवर्णीयांच्या हक्कांचा कट्टर विरोधक म्हणून प्रसिद्ध असलेल्या सेनेटर एलिसन स्मिथ यांच्या १९३८ च्या निवडणुकीत त्यांनी प्रचाराची धुरा वाहिली. जानेवारी १९४२ मध्ये राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांच्या नेमणुकीने ते न्यायासनावर आले, तेव्हा त्यांचे वय एकसष्ट वर्षांचे होते. आपल्याच मंडळींपैकी एक भला गृहस्थ न्यायाधीश झाला, एवढीच त्या वेळी चार्ल्स्टनकरांची भावना होती.

१९४४ मध्ये कृष्णवर्णीय शिक्षकांस गोऱ्या शिक्षकांइतके वेतन मिळावे, हा दावा त्यांच्यापुढे आला आणि त्यांनी तो शिक्षकांच्या बाजूने निकालात काढला. पुढल्या वर्षी एक घरगुती प्रकरण घडले. तीस वर्षांहून अधिक काळ संसार केलेल्या पत्नीशी त्यांनी काडीमोड घेतला आणि उत्तरेकडील एलिझाबेथ नामक स्त्रीशी विवाह केला. शहरातील प्रतिष्ठितांनी त्यांच्या घरी जाणेयेणे बंद केले. पुढे त्यांनी जे निकाल दिले ते या अपमानाचा सूड म्हणून दिले, असे त्यांचे विरोधक म्हणत. प्रथम पत्नीचे दुःख आम्ही लहान मानीत नाही. परंतु शिक्षकांच्या वेतनाचा निकाल या घटनेच्या आधीचा आहे, हे आरोप करणारे विसरतात.

त्यांच्या आयुष्याचे खरे वळण आहे ते १९४६ सालचे. आयझॅक वुडर्ड नावाचा एक कृष्णवर्णीय सार्जंट महायुद्धातील चाकरी संपवून त्या वर्षी १२ फेब्रुवारी रोजी बसने घरी निघाला होता. अंगावर अद्याप सैनिकी गणवेश होता. वाटेत बसचालकाशी शब्दाने शब्द वाढला. बेट्सबर्ग गावी त्याला खाली उतरवून पोलिसांच्या हवाली करण्यात आले, आणि तेथील पोलीसप्रमुख लिनवुड शल याच्या मारहाणीत त्याचे दोन्ही डोळे कायमचे गेले. संघसरकारने शलवर खटला भरला, आणि नोव्हेंबरात तो कोलंबिया येथे वेअरिंग यांच्यापुढे चालला. सरकार पक्षाने खटला कसाबसा उरकला. सर्व गोऱ्या ज्यूरीने अर्ध्या तासाच्या आत आरोपीस निर्दोष ठरवले. एलिझाबेथबाई त्या दिवशी न्यायालयात होत्या. त्या व्यथित होऊन तेथून बाहेर पडल्या. ज्यूरीच्या निकालापुढे न्यायाधीशाचे हात बांधलेले होते. परंतु आपल्या देखत, आपल्या न्यायालयात हे घडले, ही बोच वेअरिंग यांच्या मनातून गेली नाही. साठी उलटलेल्या या गृहस्थाने मग पत्नीसह वंशभेदाविषयीचे ग्रंथ वाचावयास घेतले. त्यांत स्वीडिश पंडित गुन्नार मिर्डाल यांचा अमेरिकेतील या प्रश्नावरचा मोठा ग्रंथही होता. ज्या समाजरचनेत आपण वाढलो तिची चिकित्सा त्यांनी विद्यार्थ्याप्रमाणे केली. आपल्या न्यायालयात गोऱ्याकाळ्यांनी वेगवेगळे बसण्याची चाल त्यांनी बंद केली.

त्या काळी दक्षिणेत डेमोक्रॅटिक पक्षाचेच वर्चस्व होते. त्या पक्षाचा उमेदवार ठरवणारी प्राथमिक निवडणूक हीच खरी निवडणूक. तीतून कृष्णवर्णीयांना वगळता यावे म्हणून १९४४ मध्ये दक्षिण कॅरोलायनाने त्यासंबंधीचे सुमारे दीडशे कायदे रद्द करून पक्षाला खासगी मंडळाचे रूप दिले होते. कोलंबियाचे जॉर्ज एल्मोर यांनी दावा लावला, आणि १२ जुलै १९४७ रोजी वेअरिंग यांनी ही पळवाट बंद केली. पक्षाने मग मतदारांकडून वंशभेदाला पाठिंबा देणारी शपथ मागितली. ती शपथही त्यांनी रद्द ठरवली, आणि हुकूम मोडणाऱ्यास तुरुंगात धाडीन अशी ताकीद दिली. ऑगस्ट १९४८ मध्ये तीस हजारांहून अधिक कृष्णवर्णीयांनी मतदान केले.

यानंतर सारे शहर त्यांच्यावर उलटले. त्यांच्यावर महाभियोग चालवावा म्हणून हजारोंच्या सह्या गोळा झाल्या. त्यांच्या पुतण्याच्या संपादकत्वाखालील दैनिकही विरोधात होते. १९५० मध्ये घराजवळ क्रूस जाळण्यात आला. त्याच वर्षी खिडक्यांवर दगड आले, आणि घरावर पहारा बसवावा लागला. रामशास्त्र्यांची कथा आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत. त्यांच्यासमोर एक सत्ताधीश उभा होता. वेअरिंग यांच्यासमोर उभे होते ते त्यांचे स्वतःचे गणगोत. आणि वाळीत टाकणे म्हणजे काय, हे आपल्या वाचकांस सांगावयास नको.

याच काळात क्लॅरंडन परगण्यातील पालकांचे गाऱ्हाणे त्यांच्याकडे आले. तेथे १९४९-५० मध्ये गोऱ्या मुलामागे १७९ डॉलर, तर कृष्णवर्णीय मुलामागे अवघे ४३ डॉलर खर्च होत. गोऱ्या मुलांसाठी बसगाड्या होत्या. इतर मुलांपैकी कित्येक मैलोगणती पायी जात. दाव्यात ज्यांचे नाव प्रथम होते ते हॅरी ब्रिग्ज एका गॅरेजात कामाला होते. त्यांची नोकरी गेली, पुढे त्यांच्या पत्नीचीही गेली. पालकांचे वकील थरगुड मार्शल यांनी प्रथम शाळा समान कराव्यात एवढेच मागितले होते. नोव्हेंबर १९५० मध्ये वेअरिंग यांनी त्यांना सुचवले की, हा दावा मागे घ्यावा, आणि मुलांना वेगळे बसवणेच घटनाविरोधी आहे असा नवा दावा आणावा.

या सूचनेतील मर्म ध्यानात घेण्यासारखे आहे. जुना दावा वेअरिंग एकटे ऐकू शकत होते, आणि तो पालकांनी जिंकलाच असता. राज्याचा कायदाच घटनाविरोधी ठरवावा असा दावा मात्र तीन न्यायाधीशांपुढे जाई. तेथे आपले मत एकटे पडणार, हे ते जाणून होते. परंतु अशा दाव्यातील अपील थेट सर्वोच्च न्यायालयात होत असे. हाती असलेला लहान विजय सोडून त्यांनी पराभव पत्करला, तो यासाठी. न्यायाधीशाने पक्षकारास असा मार्ग दाखवावा काय, ही शंका रास्त आहे, आणि आम्हीही ती बाजूस सारीत नाही.

मे १९५१ मध्ये चार्ल्स्टन येथे सुनावणी झाली. कृष्णवर्णीय स्त्रीपुरुष पहाटेपासून न्यायालयाबाहेर रांगेत उभे होते. मानसशास्त्रज्ञ केनेथ क्लार्क यांनी गोऱ्या व काळ्या बाहुल्यांच्या साहाय्याने केलेली मुलांची परीक्षा साक्षीत मांडली; काळी मुले गोऱ्या बाहुलीस चांगली व काळीस वाईट म्हणत. जूनमध्ये निकाल लागला. न्यायमूर्ती पार्कर व टिमरमन यांनी शाळा समान कराव्यात एवढाच हुकूम देऊन भेद कायम ठेवला. वेअरिंग यांनी आपले विरोधी मत लिहिले : मुलांना वंशावरून वेगळे करणे, हीच मुळात विषमता होय.

फेब्रुवारी १९५२ मध्ये ते निवृत्त झाले आणि पत्नीसह न्यूयॉर्कला गेले. १७ मे १९५४ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या नऊही न्यायाधीशांनी एकमताने शाळांतील वंशभेद घटनाबाह्य ठरवला. त्या निकालात एकत्र केलेल्या खटल्यांत क्लॅरंडनचाही खटला होता.

११ जानेवारी १९६८ रोजी न्यूयॉर्क येथे वेअरिंग यांचे निधन झाले. देह चार्ल्स्टनला आणून मॅग्नोलिया दफनभूमीत पुरण्यात आला. अंत्ययात्रेस सुमारे दोनशे कृष्णवर्णीय आले होते. गोरे लोक डझनभरच होते. त्याच वर्षी एलिझाबेथबाईही वारल्या. चार्ल्स्टनच्या ज्या न्यायालय-संकुलात तो खटला चालला, त्याला पुढे सेनेटर अर्नेस्ट हॉलिंग्ज यांचे नाव देण्यात आले होते. हॉलिंग्ज यांनी स्वतःच ते काढून वेअरिंग यांचे नाव द्यावे अशी मागणी केली, आणि २०१५ मध्ये तसे करण्यात आले.