नारायण मल्हार जोशी : समेटाचा मार्ग आणि त्याची किंमत

प्रास्ताविक

विद्यार्थी मित्रहो, प्रस्तुत पाठात आपण भारतीय कामगार चळवळीचे एक आद्य संघटक नारायण मल्हार जोशी यांच्या चरित्राचा परिचय करून घेणार आहोत. मालक आणि कामगार यांच्यातील तंटे वाटाघाटींनी मिटावेत, ही त्यांची आयुष्यभराची भूमिका होती. मात्र वाटाघाटींना बसणारा एक पक्ष अगदीच दुबळा असेल, तर समेटाच्या नावाखाली शरणागतीच पदरी पडते, हेही त्यांनी ओळखले होते. हे दुहेरी सूत्र ध्यानात ठेवून आपण पुढील चरित्र वाचावे.

जडणघडण

जोशी यांचा जन्म ५ जून १८७९ रोजी तत्कालीन कुलाबा जिल्ह्यातील गोरेगाव येथे झाला. पुण्यात शिक्षण झाल्यावर काही वर्षे त्यांनी अध्यापन केले. १९०९ मध्ये ते गोपाळ कृष्ण गोखले यांच्या भारत सेवक समाजात दाखल झाले आणि १९११ मध्ये त्यांनी मुंबईत सोशल सर्व्हिस लीगची स्थापना केली. रात्रशाळा, वाचनालये अशा कार्यातून गिरणी कामगारांचे जीवन त्यांनी जवळून पाहिले.

कायद्याचा आधार

१९२० मध्ये मद्रासच्या बकिंगहॅम व कर्नाटिक गिरण्यांच्या मालकांनी कामगार पुढाऱ्यांविरुद्ध न्यायालयातून मनाई हुकूम मिळवला. संप घडवणाऱ्या पुढाऱ्यावर नुकसानभरपाईचा दावा होऊ शकत असेल, तर कामगारांच्या वतीने बोलणार कोण, असा प्रश्न त्यामुळे उभा राहिला. जोशी यांनी १९२१ मध्ये केंद्रीय कायदेमंडळात कामगार संघटनांना संरक्षण देणाऱ्या कायद्याचा ठराव मांडला. पाच वर्षांनी, १९२६ मध्ये, तो कायदा संमत झाला. त्याच वर्षी स्थापन झालेल्या बॉम्बे टेक्स्टाइल लेबर युनियनचे ते अध्यक्ष होते.

१९२८ चा संप

मुंबईच्या गिरणीमालकांनी दोन मागांऐवजी तीन माग चालवण्यास विणकरांना भाग पाडण्याचे धोरण आखले. कामगारकपात आणि वेतनघट या भीतीने असंतोष वाढला. सार्वत्रिक संपाची घाई करू नये, असे जोशी यांचे मत होते. तरीही एप्रिल १९२८ मध्ये सुमारे दीड लाख कामगार बाहेर पडले, तेव्हा ते तटस्थ राहिले नाहीत. श्रीपाद अमृत डांगे यांच्यासारख्या डाव्या नेत्यांशी तीव्र मतभेद असूनही संयुक्त संप समितीत त्यांनी त्यांच्यासह काम केले. संप सहा महिने चालला. कोकणातून आलेले अनेक कामगार गावी परतले. मुंबईत उरलेल्यांना शिधावाटपाचा आधार घ्यावा लागला. अखेर ऑक्टोबरमध्ये वादाचे मुद्दे न्यायमूर्ती फॉसेट यांच्या समितीकडे सोपवावेत आणि तोवर तात्पुरत्या ठरलेल्या अटींवर काम सुरू करावे, असा समेट झाला. परंतु तो फार काळ टिकला नाही. १९२९ मध्ये पुन्हा संप झाला.

दुरावा आणि पुनर्मीलन

त्याच वर्षी कामगारांच्या स्थितीची चौकशी करणाऱ्या व्हिटली आयोगाचे सदस्यत्व जोशी यांनी स्वीकारले होते. आयोगासमोर कामगारांची बाजू मांडणे त्यांना आवश्यक वाटत होते. विरोधकांना मात्र ते परकीय सत्तेशी सहकार्य वाटले. नागपूरच्या अधिवेशनात आयटकने आयोगावर बहिष्काराचा ठराव केला. ज्या संघटनेच्या उभारणीत आपला वाटा होता, तिच्यातूनच जोशी सहकाऱ्यांसह बाहेर पडले आणि त्यांनी वेगळा महासंघ स्थापन केला. ही फूट सांधण्यास सुमारे दहा वर्षे लागली. १९४० मध्ये एकीकरण पूर्ण झाले आणि जोशी पुन्हा आयटकचे सरचिटणीस झाले. ३० मे १९५५ रोजी त्यांचे निधन झाले.

समारोप

मित्रहो, समेट घडवू पाहणाऱ्यावर दोन्ही बाजूंचा रोष ओढवतो, हे या चरित्रातून आपल्या लक्षात आले असेल. जोशी यांनी संपाची भलावण केली नाही, तसा संपाचा हक्कही सोडला नाही. कामगाराला मालकासमोर बरोबरीने बसता यावे, यासाठी त्यांनी प्रथम संघटना आणि कायदा यांचे बळ उभे केले. त्यांच्या समेटाच्या आग्रहाचे मोल या पूर्वतयारीसह जोखावे लागते.

स्वाध्याय

१. १९२६ च्या कायद्यामुळे वाटाघाटींतील कामगारांचे स्थान कसे बदलले, ते स्पष्ट करा.
२. व्हिटली आयोगाविषयीच्या दोन्ही भूमिका मांडून आपले मत सकारण लिहा.