चलच्चित्रांचे आद्य टिपणकार : कै. सावेदादा

चित्रपटाचा विषय निघाला की दादासाहेब फाळके यांचे नाव आपल्या ओठी येते, व ते यथार्थच आहे. तथापि त्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ साली पडद्यावर आला, त्याच्या सुमारे चौदा वर्षे आधी मुंबईतील दुसऱ्या एका हरिश्चंद्राने चलच्चित्रे घेतली होती. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा हे त्यांचे नाव. आपल्या तरुण पिढीस त्यांचा परिचय व्हावा, एवढाच या अल्प लेखाचा हेतू.

सावेदादांचा जन्म १८६८ सालचा, व्यवसाय छायाचित्रणाचा. ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंच्या चलच्चित्रांचा पहिला खेळ झाला. प्रवेशमूल्य एक रुपया होते. ही नवलाई पाहून लोक थक्क झाले. सावेदादांना मात्र अशी चित्रे आपण स्वतः घ्यावीत, असा ध्यास लागला. त्यांनी इंग्लंडहून रायली कंपनीचा कॅमेरा २१ गिनी मोजून मागविला.

१८९९ च्या नोव्हेंबरात हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिकदादा व कृष्णा न्हावी या मल्लांची कुस्ती झाली. ती त्यांनी चित्रित केली. फिल्म धुण्याची सोय येथे नसल्यामुळे ती विलायतेस पाठवावी लागली. पुढे त्यांनी माकडांचे खेळही टिपले. केंब्रिजमध्ये सीनियर रँग्लर झालेले रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे १९०१ साली स्वदेशी परतले, तेव्हा त्यांच्या स्वागताचा सोहळा सावेदादांच्या कॅमेऱ्याने नोंदविला. भारतीयाने घेतलेले हे पहिले वार्ताचित्र मानले जाते. लॉर्ड कर्झनने भरविलेला १९०३ चा दिल्ली दरबारही त्यांनी टिपला. रचलेले कथानक नाही, रंगविलेले नट नाहीत. समोर जे घडे तेच ते दाखवीत. आज ज्यास अनुबोधपट म्हणतात, त्याची ही आपल्याकडील पहिली पाऊले होत.

बंधूंच्या निधनानंतर त्यांचे मन या उद्योगातून उडाले व त्यांनी कॅमेरा विकून टाकला. पुढे मुंबईच्या गेइटी नाट्यगृहाची व्यवस्था त्यांनी पाहिली. १९५८ साली, वयाच्या नव्वदीच्या उंबरठ्यावर, त्यांचे निधन झाले.

खेदाची गोष्ट अशी की, ज्याने इतरांचे क्षण जपले, त्याची एकही फिल्म आज उपलब्ध नाही. कुस्ती गेली, सोहळा गेला. उरली ती केवळ कागदावरील नोंद. ती नोंद नसती तर सावेदादाही विस्मृतीत गेले असते. आपल्या घरोघरीच्या पेट्यांतून वाडवडिलांची छायाचित्रे, पत्रे व दैनंदिन्या वाळवीच्या भक्ष्यस्थानी पडत आहेत. त्या बाहेर काढाव्यात, छायाचित्रांमागे नावे व साल लिहावे, आणि वृद्ध मंडळी हयात आहेत तोवर त्यांस विचारून घ्यावे. प्रत्येक कुटुंबाने यंदा एवढे केले, तरी या आद्य टिपणकारास ती खरी श्रद्धांजली ठरेल.