कात्री, काळा कागद आणि लॉटे

दिवाळीत आकाशकंदिलाच्या झिरमिळ्या कापायला बसलं की घरात एखादी तरी अशी निघतेच, जिचा हात वेगळा चालतो. पेन्सिलीची रेघ नाही, माप नाही. कागद नुसता फिरत जातो आणि मोर तयार! आपण ‘छान गं’ म्हणतो आणि कागदाचे कपटे केरात टाकतो. बर्लिनमध्ये २ जून १८९९ रोजी जन्मलेल्या लॉटे राइनिगरच्या हातात हाच गुण होता. तिने त्यावर चक्क सिनेमे केले. आणि युद्धात सगळं मोडल्यावर पन्नाशीत, परक्या देशात जाऊन पुन्हा केले.

लॉटेला नाटकाचं भारी वेड. आईवडिलांच्या मागे लागून तिने बर्लिनच्या नाट्यशाळेत प्रवेश मिळवला. विंगेत उभी राहून ती नटांच्या काळ्या आकृत्या कापायची. पॉल वेगनर या मोठ्या नटाच्या ते नजरेस पडलं. १९१८ मध्ये त्याच्या बासरीवाल्याच्या चित्रपटासाठी लॉटेने लाकडी उंदीर तसूतसूने सरकवून पडद्यावर पळवले. सिनेमाची वाट तिला तिथे सापडली.

तिची पद्धत सांगते, कारण ती कळल्याशिवाय कष्ट कळत नाहीत. जाड काळा कागद आणि शिशाचा पातळ पत्रा कापून बाहुली करायची. मान, खांदा, कोपर, बोटं सगळं सुटं, मग तारेने जोडलेलं. टेबलाला वरून काच, काचेखाली दिवा आणि डोक्यावर कॅमेरा. बाहुलीचा हात केसभर हलवायचा, एक फोटो घ्यायचा. पुन्हा केसभर, पुन्हा फोटो. सेकंदभराच्या हालचालीला असे वीस-चोवीस फोटो! कापताना ती उजव्या हातातली कात्री जवळजवळ स्थिर धरायची आणि डाव्या हाताने कागद फिरवायची. शिवणकाम करणाऱ्या मैत्रिणींना यातली मेख लगेच कळेल.

१९२१ मध्ये तिने कार्ल कोख यांच्याशी लग्न केलं. दोन वर्षांनी लुई हागेन नावाच्या बँकवाल्याने तिच्यापुढे प्रस्ताव ठेवला. जर्मनीत महागाईने कहर केला होता. पैशाची किंमत टिकावी म्हणून त्याने कोरी फिल्म विकत घेऊन ठेवली होती. त्याच्या पॉट्सडॅमच्या घरी गॅरेजच्या माळ्यावर लॉटेने संसार मांडला, म्हणजे टेबल, काच आणि दिवे! कॅमेऱ्यामागे कार्ल. नवरा तांत्रिक बाजू सांभाळतोय आणि नाव बायकोचं होतंय, असं त्या काळात किती घरांत घडलं असेल? तीन वर्षांनी, १९२६ मध्ये, अरबी कथांवरचा ‘राजपुत्र अहमदची साहसं’ पडद्यावर आला. डिस्नेची हिमगौरी यायला अजून अकरा वर्षं होती. आज उपलब्ध असलेला जगातला सर्वांत जुना पूर्ण लांबीचा ॲनिमेशनपट म्हणून अहमदचंच नाव घेतात.

१९३३ मध्ये हिटलर आला. या दोघांना ती राजवट मान्य नव्हती. पण कायमचा आसरा कुठल्याच देशाने दिला नाही. कधी पॅरिस, कधी लंडन, कधी रोम; परवान्याची मुदत संपली की गाठोडं बांधायचं. युद्धाच्या अखेरीस आजारी आईसाठी ती बर्लिनला परतली आणि तिथे सरकारी संस्थेसाठी परीकथेचा चित्रपट करायला बसावं लागलं. तिच्या आयुष्यातलं हे पान लपवण्यात अर्थ नाही. आई आजारी असताना आपण तरी काय केलं असतं? १९४५ च्या धुमश्चक्रीत अहमदची मूळ फिल्म नष्ट झाली.

१९४९ मध्ये पतिपत्नी लंडनला आली. तिथे शहराच्या उत्तरेला, कलावंतांच्या एका वसाहतीत बिऱ्हाड थाटलं. लॉटे पन्नाशीची. आमच्या बचत गटात ‘आता या वयात कुठे?’ हे वाक्य चाळिशीतल्या बायकाच म्हणतात, म्हणून हा आकडा मला फार मोलाचा वाटतो.

आणि मदतीला कोण यावं? त्याच गॅरेजवाल्या हागेनचा मुलगा! घराणं ज्यू, शाळकरी वयातच त्याने छळछावणी पाहिलेली, पुढे ब्रिटिश सैन्यात लढलेला. १९५३ मध्ये त्याच्या साथीने ‘प्रिमरोज’ ही संस्था निघाली. टीव्ही तेव्हा घरोघर शिरत होता आणि त्याला मुलांच्या गोष्टी हव्या होत्या. सिंड्रेला, झोपलेली राजकन्या, अंगठ्याएवढी मुलगी, अल्लाउद्दिन, नाकतोडा आणि मुंगी... दहा-दहा मिनिटांचे डझनाहून जास्त चित्रपट दोन-तीन वर्षांत हातावेगळे झाले. मोठा स्टुडिओ नाही, कारागिरांची फौज नाही. ‘शूर शिंपी’च्या गोष्टीला १९५५ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात बक्षीस मिळालं. शिंप्याची गोष्ट आणि कात्रीवालीला बक्षीस, गंमतच नाही का!

१९६३ मध्ये कार्ल गेले. बेचाळीस वर्षांची जोडी तुटली आणि लॉटेचे सिनेमेही थांबले. तरी कात्री काही सुटली नाही. रंगमंचावरचे सावल्यांचे खेळ ती करत राहिली, १९७० मध्ये आपल्या कलेवर पुस्तकही काढलं. दोन वर्षांनी जर्मनीने तिला चित्रपटाचा सुवर्णसन्मान दिला. मग कॅनडाच्या सरकारी चित्रपट मंडळाचं बोलावणं आलं आणि १९७५ मध्ये, शहात्तराव्या वर्षी, तिचा नवा चित्रपट तयार झाला. ऐंशीच्या उंबरठ्यावर आणखी एक केला.

शेवटचे दिवस जर्मनीतल्या डेटेनहाउझेन या गावात, ओळखीच्या कुटुंबात गेले. १९ जून १९८१ रोजी ती तिथेच गेली. जवळच्या ट्युबिंगेन गावातल्या संग्रहालयात तिच्या बाहुल्या जपून ठेवल्या आहेत. आणि तो हरवलेला अहमद? त्याची एक जुनी, रंगवलेली प्रत लंडनच्या संग्रहात निघाली. तिच्यावरून १९९९ मध्ये, लॉटेच्या जन्मशताब्दीच्या सुमारास, अख्खा चित्रपट पुन्हा उभा केला गेला, निळ्या रात्रींसकट आणि पिवळ्या दिवसांसकट.