शायर फैजी : लीलावतीचं गणित फारसीत नेणारा माणूस

जालना शहराचा इतिहास सांगताना अबुल फजल यांचं नाव येतंच. 'अकबरनामा' आणि 'आईन-ए-अकबरी' लिहिणारे अबुल फजल आयुष्याच्या शेवटच्या वर्षांत दख्खनच्या मोहिमेवर होते आणि काही काळ त्यांचा मुक्काम जालन्यात होता. 1602 मध्ये आग्र्याकडे परतताना वाटेत त्यांची हत्या झाली. त्यांचे थोरले भाऊ शेख अबुल फैज, म्हणजेच शायर फैजी, आपल्याकडे फारसे कुणाला माहीत नाहीत. पण महाराष्ट्राच्या गणिताचा एक मोठा ठेवा जगाच्या वेशीपर्यंत नेण्याचं काम याच माणसाने केलं.

आज आपली मुलं कॉम्प्युटर शिकायला लागली की पहिल्या काही धड्यांतच त्यांना 'अल्गोरिदम' हा शब्द भेटतो. साध्या भाषेत सांगायचं तर अल्गोरिदम म्हणजे हिशेबाची ठरलेली रीत. आधी हे करा, मग ते करा, की उत्तर मिळालंच. हा शब्द आला तो बगदादचे गणिती मुहम्मद बिन मूसा अल-ख्वारिज्मी यांच्या नावावरून. त्यांनी नवव्या शतकात भारतीय अंकांनी हिशेब कसा करायचा यावर अरबीत पुस्तक लिहिलं. ते लॅटिनमध्ये गेलं आणि युरोपने लेखकाचंच नाव त्या रीतीला दिलं. भारतातून बगदादला आणि तिथून युरोपला, असा हा प्रवास झाला. फैजींचं काम याच रस्त्यावरचा पुढचा टप्पा आहे.

दहशतीत गेलेलं तरुणपण

फैजींचा जन्म 1547 मध्ये आग्र्यात झाला. वडील शेख मुबारक नागोरी हे मोठे आलिम. घरातच तालीम चालायची. फैजी आणि अबुल फजल दोघेही वडिलांपाशीच शिकले. पण शेख मुबारक यांचे विचार त्या वेळच्या दरबारी उलेमांना पटणारे नव्हते. त्यांच्यावर आरोप झाले, तक्रारी बादशाहपर्यंत गेल्या. या कुटुंबाला घर सोडून लपत फिरावं लागलं. ओळखीची माणसंही दार उघडायला घाबरत होती.

1567 मध्ये अकबर चित्तोडच्या स्वारीवर निघाला होता. तरुण फैजींच्या शायरीची कीर्ती त्याच्या कानावर गेली आणि त्याने त्यांना बोलावणं धाडलं. शिपाई दाराशी आले तेव्हा घरच्यांना वाटलं, आता अटकच होणार. झालं ते उलटंच. फैजी दरबारात रुजू झाले. पुढे ते शहजाद्यांचे उस्ताद झाले आणि 1588 मध्ये त्यांना 'मलिकुश्शुअरा', म्हणजे राजकवी, हा मान मिळाला.

पाटणच्या डोंगरातलं गणित

त्याच्या एक वर्ष आधी, 1587 मध्ये, फैजींनी अकबरच्या सांगण्यावरून 'लीलावती'चा फारसी अनुवाद पूर्ण केला. मूळ ग्रंथ संस्कृतातला. लिहिणारे भास्कराचार्य, जन्म 1114. वयाच्या छत्तिसाव्या वर्षी त्यांनी 'सिद्धान्तशिरोमणी' लिहिला आणि 'लीलावती' हा त्याचाच एक भाग मानला जातो. आपलं गाव सह्याद्रीजवळ असल्याचं त्यांनी स्वतः नोंदवलं आहे. चाळीसगावजवळच्या पाटणला त्यांच्या नातवाने, चांगदेवाने, त्यांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ काढला. त्याचा शिलालेख आजही आहे. त्याचा काही भाग जुन्या मराठीत आहे. फैजींनी मात्र भास्कराचार्यांचं गाव बिदर असल्याचं लिहिलं. ती त्यांची चूक. तरी हा इल्म दख्खनचा आहे हे त्यांनी नीट ओळखलं होतं आणि अनुवादासाठी त्यांनी जाणकारांची मदतही घेतली.

फैजी शायर होते, गणिती नव्हते. तरीही त्यांनी हे काम अंगावर घेतलं आणि निभावलं. या ग्रंथात गुणाकार-भागाकारापासून त्रैराशिकापर्यंत, व्याजापासून क्षेत्रफळापर्यंत दुकानदार, मोजणीदार, सावकार सगळ्यांच्या उपयोगाचं गणित आहे.

त्यातला एक साधा हिशेब बघा. 135 ला 12 ने गुणायचं आहे. भास्कराचार्य एकच वाट सांगून थांबत नाहीत. 12 चे 8 आणि 4 असे तुकडे करा, 1080 आणि 540 येतात, बेरीज 1620. किंवा आधी 3 ने गुणा, मग 4 ने. किंवा 10 ने आणि 2 ने वेगवेगळं गुणून मिळवा. किंवा 20 ने गुणून 2700 काढा आणि त्यातून 8 पट वजा करा. उत्तर दर वेळी तेच, मेहनत मात्र कमी-जास्त. कुठल्या वाटेने पायऱ्या कमी लागतात, हाच आजच्या कॉम्प्युटर शास्त्रातला मोठा प्रश्न आहे. गुणाकारासारख्या जुन्या क्रियेतही हा प्रश्न संपलेला नव्हता. 1960 मध्ये मॉस्कोत अनातोली कारात्सुबा या 23 वर्षांच्या विद्यार्थ्याने मोठ्या संख्यांचा गुणाकार शाळेतल्या रीतीपेक्षा कमी पायऱ्यांत करून दाखवला, तेव्हा मोठमोठे गणिती चकित झाले.

जे राहून गेलं

फैजींच्या अनुवादात मूळ ग्रंथातली काही प्रकरणं आलेली नाहीत. त्यातलंच एक 'कुट्टक'. कुट्टक म्हणजे कुटून बारीक करणं. ही रीत आर्यभटांपासून चालत आलेली आणि भास्कराचार्यांनी नीट मांडलेली.

समजा, जालन्याच्या बाजारात मोसंबीचा ढीग आहे. 17-17 चे वाटे केले तर 5 मोसंबी उरतात. 29-29 चे केले तर 7 उरतात. ढिगात कमीत कमी किती मोसंबी? एकेक आकडा तपासत बसलं तर बराच वेळ जाईल. कुट्टकाची रीत 29 ला 17 ने भागते, बाकी 12. मग 17 ला 12 ने, बाकी 5. 12 ला 5 ने, बाकी 2. 5 ला 2 ने, बाकी 1. मोठा आकडा असा कुटत कुटत चार भागाकारांत एकावर येतो आणि मग उलट्या वाटेने परत येत उत्तर मिळतं : 413. पडताळून बघा, जुळतं.

संख्या लहान असली तर फरक कळत नाही. पण 100 आकडी संख्या असतील तर एकेक तपासणं जगातल्या सगळ्या कॉम्प्युटरांनाही जमणार नाही. कुट्टकासारख्या रीतीला जास्तीत जास्त 500 भागाकार पुरतात. पायऱ्यांची ही मर्यादा 1844 मध्ये फ्रान्सच्या गाब्रिएल लामे यांनी सिद्ध केली. इंटरनेटवरचे निरोप गुप्त ठेवणारी आरएसए पद्धत 1977 मध्ये निघाली, तिची गुप्त किल्ली काढतानाही याच जातीचा हिशेब करावा लागतो.

फैजींकडून राहिलेलं हे काम पुढच्या एका आलिमाने हाती घेतलं. भास्कराचार्यांच्या 'बीजगणित' या ग्रंथातही कुट्टक आहे. 1634-35 च्या सुमारास, शाहजहानच्या काळात, अताउल्लाह रशीदी यांनी तो ग्रंथ फारसीत आणला. ताजमहालाचे शिल्पकार मानले जाणारे उस्ताद अहमद लाहोरी यांचे हे चिरंजीव. औरंगाबादच्या (छत्रपती संभाजीनगर) बीबी का मकबऱ्याच्या प्रवेशद्वारावरच्या लेखात शिल्पकार म्हणून अताउल्लाह आणि अभियंता म्हणून हंसपतराय अशी दोन नावं आहेत. जालना 1981 पर्यंत त्याच जिल्ह्यात होता. मकबरा आपण सगळ्यांनी पाहिला आहे, पण तो बांधणाऱ्या माणसाने भास्कराचार्यांचं बीजगणित फारसीत नेलं होतं, हे किती जणांना ठाऊक आहे? त्याच फारसी प्रतीवरून एडवर्ड स्ट्रेची यांनी 1813 मध्ये लंडनमध्ये इंग्रजी पुस्तक छापलं. फैजींची फारसी लीलावतीही 1827 मध्ये कलकत्त्यात छापली गेली.

दख्खनची वारी आणि अखेर

1591 मध्ये अकबरने फैजींना वकील म्हणून दख्खनला पाठवलं. आधी खानदेशचे राजा अली खान, मग अहमदनगरचे बुऱ्हाण निजामशाह. ज्या मुलखातलं गणित त्यांनी फारसीत नेलं होतं, त्याच मुलखात ते आता आले होते. राजकारणात फारसं यश आलं नाही. पण अहमदनगरच्या जुहूरी आणि मलिक कुम्मी या शायरांची त्यांनी बादशाहला लिहिलेल्या पत्रांत कदर केली. याच काळात दरबारातले मुल्ला अब्दुल कादिर बदायुनी यांच्यावर बादशाहची मर्जी खप्पा झाली होती. फैजींनी दख्खनमधून त्यांच्यासाठी शिफारसपत्र पाठवलं. पुढे याच बदायुनींनी आपल्या इतिहासात फैजींवर कडक टीका केली, आणि ते पत्रही तिथेच नोंदवून ठेवलं.

1593 मध्ये परतल्यावर त्यांनी 'सवातिउल इल्हाम' ही कुरआनची अरबी तफसीर पूर्ण केली. तिचं वैशिष्ट्य असं की संपूर्ण ग्रंथात नुक्ता असलेलं एकही अक्षर नाही. अरबीतली जवळपास निम्मी अक्षरं वर्ज्य करून सगळा अर्थ मांडायचा! काही आलिमांनी हरकत घेतली, तेव्हा फैजींनी कलिमा तय्यबातही नुक्ता नाही याकडे लक्ष वेधलं, असं सांगितलं जातं.

5 ऑक्टोबर 1595 रोजी लाहोरमध्ये त्यांचा इंतकाल झाला. मागे हजारो ग्रंथांचं कुतुबखाना राहिलं, ते शाही ग्रंथालयात जमा झालं. फैजींच्या अकीद्याबद्दल तेव्हाही मतभेद होते, आजही आहेत. तो फैसला अल्लाहकडे. आपल्यासमोर त्यांची मेहनत आहे.

शेवटी एक गोष्ट. लीलावती ही भास्कराचार्यांची मुलगी होती, लग्नाचा मुहूर्त घटिकापात्रात मोती पडल्याने हुकला, म्हणून वडिलांनी तिच्या नावाने गणिताचा ग्रंथ लिहिला, ही कथा मराठी घराघरांत सांगतात. ती प्रथम आढळते फैजींच्या फारसी प्रस्तावनेत! खरी-खोटी काहीही असो, आपल्या समाजातला एक शायर चारशे वर्षांपूर्वी मुलीला गणित शिकवणाऱ्या बापाची गोष्ट लिहून गेला. दहावीनंतर मुलीने गणित किंवा कॉम्प्युटर घ्यायचं म्हटलं आणि घरात कुजबुज सुरू झाली, की ही गोष्ट तिच्या अब्बांना जरूर ऐकवा. आणि पुढच्या वेळी मकबऱ्याला जाल तेव्हा दरवाजावरची ती दोन नावं मुलांना दाखवायला विसरू नका.